इंद्रभानचं दुसरं नाव

मोताळ्याच्या उकंडरावांचा इंद्रभान वांग्याच्या वाफ्यात कमी आणि बाजाराच्या मैदानात जास्त सापडायचा. खेळायचा अनवाणी, पण डाव्या पायाने चेंडू असा हाणायचा की गोलकीपर हलायच्या आत तो मागच्या बाभळीत जायचा. चौसष्ट साली मलकापूरच्या सामन्यात रंगराव नावाच्या माणसाने त्याला हेरलं. "नागपुरात मिलच्या संघात खेळवतो. मिलमदीच नोकरी लागंल," तो म्हणाला. उकंडरावांनी मान डोलावली, आई कौशल्याबाईंनी दशम्या बांधून दिल्या.

नागपुरात मिल काही दिसली नाही. रंगरावाने त्याला लाकडाच्या वखारीत आणखी पोरांसोबत ठेवलं. सकाळी फुकट ओंडके उचलायचे, संध्याकाळी खेळायचं. पहिल्या सामन्याआधी रंगरावाने बजावलं, "आज तुह्यं नाव सहदेव. कोनी इचारलं तर तेच सांगजो."

"काऊन? माह्यं नाव तर..."

"मिलचा सहदेव बिमार हाये. गोल तर तूच मारशीन ना?"

त्याने दोन गोल मारले. लोक 'सहदेव, सहदेव' ओरडले. इंद्रभानला आनंद झाला, पण कौतुक कुणाचं चाललंय हे त्याला कळेना. पुढच्या सामन्याला जर्सी दुसरी, नाव फ्रान्सिस, आणि समोर तोच मिलचा संघ! त्यांच्या कप्तानाने विचारलं, "तू सहदेव बनून आलता ना बे?" इंद्रभान हो म्हणाला आणि लगेच नाही म्हणाला.

पुढे त्याचा गुडघा सुजला. डॉक्टर आणतो म्हणून गेलेला रंगराव फिरकलाच नाही. इंद्रभान लंगडत मिलच्या फाटकाशी गेला. "मी तुमच्या संघात खेळलो," त्याने पहारेकऱ्याला सांगितलं.

"नाव काय?"

सहदेव म्हणावं, तर खरा सहदेव आत असेल. इंद्रभान म्हणावं, तर त्या नावाने तो इथे एकदाही उतरला नव्हता. पहारेकऱ्याने फाटक लावून घेतलं.

मोताळ्याला घरी परतल्यावर आईने गुडघ्याला हळद लावली. "मंग, खेळला का रे मिलकडून?"

"खेळलो वं माय. पन मी नव्हतो."

कौशल्याबाईंनी त्याच्या कपाळाला हात लावून ताप पाहिला.

गुडघा पुन्हा धड झाला नाही. काही वर्षांनी असाच एक जण शेजारच्या कडूबाच्या मुलाला मिलकडून खेळवतो म्हणत न्यायला आला. इंद्रभान तिथे जाऊन बसला. पोटात पुष्कळ होतं, पण ओठावर एवढंच आलं, "मीबी संगं येतो. मिलच्या सायबाले भेटतो."

"उद्या बोलू," म्हणून तो माणूस उठला, तो परतलाच नाही. कडूबाचा मुलगा इंद्रभानशी बोलेनासा झाला. आपण पोराला वाचवलं की त्याची वाट अडवली, हे इंद्रभानला वाफ्याला पाणी देतानाही उमगत नव्हतं.