गप्प बसलेले दहा सेकंद
थर्मासमधल्या शिळ्या कॉफीचा वास आला की मला वीस वर्षांपूर्वीची ड्रेस्डेनमधली ती अंधारी एडिटिंगची खोली आठवते. पीएचडी करता करता मी तिथे एका माहितीपटातलं मराठी बोलणं जर्मनमध्ये सांगायला जायचो. एडिटर बाई साठीच्या, पटकथाही लिहायच्या. दोन्ही कामांनी दमलेल्या. पडद्यावर एका म्हातारीला कुणीतरी नवऱ्याचं नाव विचारलं. तिने पदर सारखा केला, हसली आणि गप्प बसली. शेवटी शेजारणीने नाव सांगितलं. "मधे ती काही म्हणते का?" बाईंनी विचारलं. सकाळपासून ऐकून ऐकून माझं डोकं उठलं होतं. आमच्याकडे तिच्या वयाच्या बायका नवऱ्याचं नाव घेत नाहीत, हे समजावायचा कंटाळा आला. म्हणालो, "नाही, काहीच नाही." "गूट, मग ठीक," म्हणत त्यांनी ते दहा सेकंद कापले. मग डोळे चोळत म्हणाल्या, "तीस वर्षं हेच. लिहिताना लोकांना बोलायला लावते, कापताना गप्प बसू देत नाही." मी थर्मासमधली कॉफी ओतून घेतली. परवा पुण्यात दवाखान्याच्या नोंदणीच्या खिडकीतल्या माणसाने आईला बाबांचं नाव विचारलं. तिने पदर सारखा केला आणि माझ्याकडे पाहिलं. मी लगेच सांगितलं नाही.