अठराव्या इनिंगपर्यंत

टोरांटोतल्या स्कारबरोच्या डायलिसिस सेंटरमध्ये माझ्या शेजारच्या खुर्चीवर वसईच्या एक मावशी असायच्या. उजव्या हातात सुया, म्हणून डाव्या हाताने पेन्सिल धरून टॅबलेटवरच्या बेसबॉलचा स्कोअर वहीत लिहायच्या. मध्ये कोणी बोललं, की म्हणायच्या, "थांब रे बाबा, पिचर बॉल टाकतोय."

२०१८ला बेसबॉलच्या फायनलमधला आजवरचा सर्वांत लांब सामना झाला. नऊ इनिंग्सचा खेळ, बरोबरी सुटेना म्हणून अठरापर्यंत गेला. सात तासांहून जास्त. मावशींनी तो रेकॉर्ड करून ठेवला. अर्धा मंगळवारी बघायचा, उरलेला गुरुवारी. निकाल आम्हा सगळ्यांना ठाऊक होता, पण सांगायची कोणाची हिंमत नव्हती.

"आपली टोरांटोची टीम नाही यात. मग कशाला बघता?" मी विचारलं.

"सगळे दमलेत, पण कोण घरी जातंय का बघ."

गुरुवारी त्यांचं प्रेशर एकदम उतरलं. चेहरा पांढरा पडला. नर्स मशीन बंद करायला धावली.

"नो, डियर," मावशी म्हणाल्या. "पाय वर कर, सलाइन दे. मशीन स्टॉप करायची नाही."

नर्सने तसंच केलं. प्रेशर हळूहळू वर आलं. अठराव्या इनिंगला सामना संपवणारा होमरन बसला, तो मावशींनी वहीत लिहिला.

मग नर्स माझ्याकडे वळली. मी दर वेळी चार तास संपायच्या अर्धा तास आधीच सुटका मागायचो.

"सुया काढू?" तिने विचारलं.

"नको," मी म्हटलं. "पूर्ण चार तास होऊ दे."