तपकिरी रक्त

आल्फोन्स पेन्शन घेऊन बेटावर परतला तेव्हा त्याच्या सामानात स्वतःचं एकही चित्र नव्हतं. गेला होता चित्रकार व्हायला. झालाही. पण युद्धानंतर चित्रकारांच्या संघानं त्याचं नाव कापलं आणि पोटासाठी तो राजधानीत, तालिनला, सिनेमाच्या स्टुडिओत शिरला. तिथं आयुष्यभर त्यानं आभाळं रंगवली, राजवाडे रंगवले. चित्रीकरण आटोपलं की सुतार येऊन सगळं मोडून टाकायचे.

"माझ्या हातचं एक तरी कुठल्या भिंतीवर राहू दे," असं तो शेजारी आमच्या स्वयंपाकघरात बसून म्हणायचा. "दुसरं काही मागत नाही."

"आधी घराचं दार रंगव," त्याची बायको मेता म्हणायची. "पोपडे माझ्या कालवणात पडतात."

आमच्या चर्चमधलं वेदीवरचं चित्र युद्धात जळालं होतं. मागे नुसती भिंत. पाद्रीसाहेबांनी आल्फोन्सला गाठलं. "नाव मात्र घालता येणार नाही. सरकारला देवाधर्माचं काही खपत नाही. वर कळलं तर तुमची पेन्शन जाईल आणि माझं चर्च."

"नाव राहू द्या. भिंत द्या."

चर्चच्या मंडळीनं चित्रासाठी पाइनच्या फळ्या दिल्या. हिवाळाभर तो धान्याच्या कोठारात कडी लावून रंगवत होता. मेतालाही आत मज्जाव. मी धुरावलेले मासे आणि काळा पाव दाराशी ठेवून यायची, आणि त्याच्या हाताला यश दे म्हणून प्रभूकडे मागायची.

ईस्टरच्या आधीच्या रविवारी चर्चमध्ये वेदीवर चढवलेल्या चित्राचा पडदा काढला. गाणं अर्ध्यावर विरलं. वधस्तंभावरच्या प्रभूचा चेहरा हिरवट, कमरेचं वस्त्र निळसर, आभाळ मोहरीसारखं पिवळं. जखमांतलं रक्त चहाच्या चोथ्यासारखं तपकिरी.

"याला कावीळ झालीय का गं?" माझ्या मागे म्हातारी लोवीसे कुजबुजली.

"कावीळ कसली. आठवडाभर समुद्रात पडलेला दिसतो," तिची जाऊ म्हणाली, आणि दोघींनी तोंडाला रुमाल लावले.

आल्फोन्स मात्र आमच्या तोंडांकडे बघत उभा होता, खुशीत. मेतानं त्याला बाहीला धरून बाहेर आणलं. मीही मागोमाग गेले.

"आल्फोन्स, रक्त लाल असतं," ती म्हणाली.

"लाल घातलं तर काळा डाग पडतो."

"कुठे पडतो?"

"फिल्मवर," तो म्हणून गेला. त्याचे सगळे सिनेमे काळे-पांढरे. पांढरं झळकू नये म्हणून निळसर करायचं, रक्ताला तपकिरी, आभाळाला पिवळा. कॅमेऱ्याला काय दिसेल तेच रंगवायचं. ते करता करता स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं त्याचं राहूनच गेलं होतं, आणि हे त्याला चर्चच्या पायरीवर, आमच्यादेखत कळलं.

"उन्हाळ्यापर्यंत वेळ द्या," त्यानं पाद्रीसाहेबांना विनवलं. "सगळं पुन्हा रंगवतो." ते हो म्हणाले.

पण शाळेच्या मास्तरांनी ईस्टरला त्या चित्राचा काळा-पांढरा फोटो काढला होता. तो धुऊन आला आणि आम्ही सगळे त्याभोवती जमलो. फोटोत प्रभू जिवंत होता. कपाळावरच्या त्या वेदना बघून लोवीसे ओक्साबोक्शी रडली. घरोघरी एकेक प्रत गेली.

"आता फळ्या कशाला हव्यात?" मंडळीचा कारभारी प्रीदू म्हणाला. "फोटोच मोठा करून लावू. कुणी तपासायला आलं तर काखेत मारून पळताही येईल."

"माझ्या फळ्या मला द्या," आल्फोन्स म्हणाला.

"लाकूड मंडळीचं आहे, बाबा."

फोटो वेदीवर लागला आणि त्या फळ्यांचा सरपणाच्या खोलीत आडोसा केला. रंगवलेली बाजू ओंडक्यांकडे.

"बघा, तुमचं काम राहिलंच की भिंतीवर," पाद्रीसाहेब त्याला म्हणाले.

"ते मास्तरांचं आहे. मागच्या बाजूला नावही त्यांचंच आहे."

त्यानंतर तो चर्चमध्ये आला नाही. रंगाला हात लावला नाही. घराचं दारसुद्धा तसंच राहिलं. पुढच्या शरद ऋतूत छातीच्या दुखण्यानं गेला. शवपेटी त्या फोटोखालीच ठेवली होती. देव बाहेरचं नाही, अंतःकरण बघतो, असं पाद्रीसाहेब बोलले. मला वाटलं, मग त्या फळ्या उतरवायची आम्हालाच एवढी घाई का झाली होती.

"आपल्या या बंधूनं आपल्याला प्रभूचं मुख दाखवलं," ते पुढे म्हणाले.

"फळ्यांचं काय केलंत तेही सांगा," पहिल्या बाकावरून मेता म्हणाली. आवाज चढवला नव्हता, पण शेवटच्या बाकापर्यंत ऐकू गेलं.

पाद्रीसाहेबांनी पुस्तक उघडलं आणि पुढच्या स्तोत्राचा क्रमांक सांगितला. आम्ही गायला उभे राहिलो. मेता बसूनच होती.