अरुणाताईंच्या नायकाला गोळी लागत नाही

लखनौच्या मराठी मंडळाच्या गणपतीत दरवर्षी नाटक व्हायचं, आणि ते महानगर वस्तीतल्या अरुणाताई दामल्यांनीच लिहायचं, हे ठरलेलं. त्यांचे यजमान संशोधन संस्थेत शास्त्रज्ञ. बाईंनी मात्र आपलं सगळं संशोधन नायकाला मरणातून वाचवण्यात खर्ची घातलं होतं. सुरुंग फुटो की विमान कोसळो, त्यांचा जवान शेवटच्या प्रवेशात दारात हजर! बायको त्याला ओवाळायची आणि पडदा पडायचा. प्रेक्षकांत निम्मी घरं छावणीतली, फौजींची. त्यांच्यासमोर जवान मारायचा तरी कसा?

"आई, तुम्हारे हीरो को गोली छूती क्यों नहीं?" मुलगी स्वरदा तालमीत चिडवायची.

"कशी लागेल? त्याला शेवटच्या प्रवेशात यायचंय ना!"

२००९ साली हे बोलणं विभाने ऐकलं. तिचा नवरा, मेजर नरेंद्र, दोन वर्षांपूर्वी सीमेवर मारला गेला होता. ती इथेच शाळेत नोकरी धरून राहिली होती. नाटकाचे कपडे तीच शिवायची, पण रंगमंचावर कधी पाऊल ठेवायची नाही.

"ताई," ती शांतपणे म्हणाली, "गोष्टीला जो हवा असतो तो वाचतो. मग माझा माणूस कुणालाच नको होता का?"

आपण आनंद वाटतोय असं अरुणाताई समजत होत्या, आणि ही पोर पडद्यामागे बसून तो गिळत होती! घरी गेल्यावर त्यांनी शेवटचा प्रवेश फाडला आणि नवा लिहिला. त्यात दार रिकामंच होतं. बायकोची भूमिका त्यांनी विभाला दिली, आणि तिने ती घेतली.

मंडळात भडका उडाला. नायकाचं काम रणजित करायचा. तो सैन्यातला, आणि विसर्जन झालं की त्याला काश्मीरला निघायचं होतं. त्याची बायको विनीता तर उसळलीच.

"शुभ बोला हो ताई! वास्तू तथास्तु म्हणते. आणि हातात तबक घेणार कोण, तर विभा?"

विधवेने ओवाळायचं नसतं, हे कुणी उघड बोललं नाही. विभाच म्हणाली, "जाऊ द्या ताई."

"का जाऊ द्यायचं?" अरुणाताई कडाडल्या. "नाटक होईल तर हेच. नाहीतर यंदा आरती करा, मोदक खा आणि घरी जा!"

दुसरं नाटक कुणापाशीच नव्हतं.

प्रयोगाच्या दिवशी रणजित दुसऱ्या प्रवेशात लढाईवर गेला. शेवटी विभा निरांजन लावून दाराशी उभी राहिली. पुढच्या रांगेतली पोरं कुजबुजत होती, "अभी आएगा, देखना." कुणी आलं नाही.

"तुम्ही आला नाहीत," विभा म्हणाली. "तरी हे तबक तुमचंच आहे." तिने ते उंबऱ्यावर ठेवलं.

प्रेक्षकांतून विनीता उठली आणि थेट विंगेत शिरली. रणजितला हाताला धरून तिने रंगमंचावर आणलं आणि विभासमोर उभं केलं.

"ओवाळ."

"मी?" विभा म्हणाली. "अगं, वास्तू तथास्तु म्हणते ना?"

"म्हणूनच सांगतेय. आता शुभ तू बोल."

विभाने तबक उचललं, रणजितला ओवाळलं.

"परत या," ती म्हणाली.

हे वाक्य अरुणाताईंनी लिहिलेलं नव्हतं, आणि रणजितला परत आणणंही आता त्यांच्या हातात नव्हतं.