तीनशे ओळींचं अस्तर

माझ्या थोरल्या जाऊबाईंना आमच्या भागात कुणी नावाने ओळखत नाही, सगळे टाचणीबाई म्हणतात. एक तर त्या शिवणकाम करतात आणि दिवसभर चार-पाच टाचण्या ओठांत धरून असतात. दुसरं म्हणजे बोलल्या की टोचतात. टाचण्या तोंडात आहेत तोवर गिऱ्हाइकाला धोका नाही. त्या एकेक करून काढून मनगटावरच्या पट्ट्याच्या गादीला खोचायला लागल्या की समजावं, कुणाची तरी आता खैर नाही. मी त्यांची धाकटी जाऊ, आणि ज्याची त्यांनी खैर ठेवली नाही तो माझा नवरा. आधीच सांगून टाकते, मला त्याचं जरासुद्धा वाईट वाटलेलं नाही.

जाऊबाईंचं अर्धं आयुष्य भाड्याच्या खोल्यांत गेलं. शेवटच्या नऊ वर्षांत तर चार खोल्या बदलल्या. एकीत भिंतीला ओल होती, कपड्यांच्या घड्यांना बुरशी लागायची. एकीत खिडकीच नव्हती, भर दुपारी बल्ब लावून काज करावे लागत. माझे थोरले दीर बस चालवायचे. माणूस इतका गरीब स्वभावाचा की घरमालकाने भाडं वाढवलं तर दीरच त्याची माफी मागून यायचे. जाऊबाईंची मागणी एकच होती. दिवसाउजेडी शिवता येईल अशी खिडकी असलेलं स्वतःचं घर. डोळे ही शिवणाऱ्याची भाकरी, ती बल्बखाली जाळायची नाही, असं त्या म्हणत.

तसं घर मिळालं. तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या, पूर्वेला मोठी खिडकी. वीस लाख कमी पडत होते. आणि कर्ज मिळवून द्यायला घरातच माणूस होता, आमचे हे. हे गृहकर्जाच्या एका कंपनीचे एजंट. आयुष्यभर ‘अहो’ म्हणत आले, ती सवय आता सुटत नाही, म्हणून ‘हे’ म्हणते. त्यात मान शोधू नका.

त्या दिवशीचं बोलणं मला शब्दन् शब्द आठवतं, कारण चहा मीच केला होता. कंपनी पंधरा वर्षांचंही कर्ज देत होती आणि पंचवीस वर्षांचंही. व्याज दोन्हीला नऊ टक्केच. पंधराचा हप्ता वीस हजारांच्या थोडा वर जात होता, पंचवीसचा पावणेसतरा हजार. जाऊबाई म्हणाल्या, ओढाताण होईल पण पंधराचंच घेऊ. तेव्हा ह्यांनी त्यांच्या धंद्यातलंच उदाहरण काढलं.

“वहिनी, तुम्ही शिवणीत माया सोडता की नाही? मग मुदतीतही सोडा. हप्ता सैल राहील, जीवाला घोर नाही.”

माया म्हणजे शिवणीच्या आत सोडलेलं जास्तीचं कापड. अंग भरलं, पोर वाढलं, की शिवण उसवून कपडा सैल करता येतो. जाऊबाईंच्या हातचा कपडा दहा-दहा वर्षं चालतो तो ह्या मायेमुळेच. माया सोडून आजवर कुणाचं नुकसान झालं नव्हतं. दुसऱ्या कुठल्या बाईने दहा प्रश्न विचारले असते. ह्या शिवणाऱ्या, त्यांना ते लगेच पटलं. एकूण किती भरायचं हे कुणी विचारलं नाही आणि ह्यांनी सांगितलं नाही. दीर म्हणाले, घरचा माणूस आहे, वाईट का सांगेल? दोघांनी सह्या केल्या.

सहाव्या वर्षी दीर गेले. ड्यूटीवरून आले, बूट काढायला वाकले आणि उठलेच नाहीत. हप्ता मात्र चुकला नाही. जाऊबाईंनी शाळेचे गणवेश शिवले, लोकांच्या पँटी आखूड केल्या, इस्पितळाच्या चादरींना कडा घातल्या. पाच वर्षं अशी काढली. मग डोळ्यांत सारखं पाणी यायला लागलं. डॉक्टरने सांगितलं की बारीक काम अजून आठ-दहा वर्षं होईल, पुढचं सांगता येत नाही. तेव्हा जाऊबाई पन्नाशी ओलांडून एक वर्ष पुढे गेल्या होत्या. त्यांनी हिशेब केला की अकरा वर्षं झाली, निम्मं कर्ज फिटत आलं असेल. उरलं किती ते बघायला त्या कंपनीत गेल्या. तिथल्या काउंटरवरच्या मुलीने तीनशे हप्त्यांचा तक्ता छापून हातात ठेवला.

तो तक्ता घेऊन त्या थेट आमच्या घरी आल्या. रविवार होता, हे सोफ्यावर पाय पसरून बसले होते. जाऊबाईंनी कागद टीपॉयवर मांडले आणि एकेका आकड्यावर बोट ठेवत वाचून दाखवले. अकरा वर्षांत बावीस लाख पंधरा हजार भरले होते. वीस लाखांतले फिटले होते चार. सोळा लाख अजून जसेच्या तसे उभे. बाकीचे सव्वाअठरा लाखांच्या आसपास नुसतं व्याज. पहिल्या हप्त्यातले पंधरा हजार व्याजाचे आणि मुद्दलाचे सतराशे. पंचवीस वर्षांनी वीस लाखांच्या कर्जाचे पन्नास लाख पस्तीस हजार होणार होते. पंधरा वर्षांचं घेतलं असतं तर साडेछत्तीसांत मोकळ्या. महिन्याला साडेतीन हजारांचा सैलपणा, आणि त्या सैलपणाची किंमत पावणेचौदा लाखांच्या वर.

“भावोजी, कपड्यातली माया गिऱ्हाइकाच्याच अंगावर राहते,” त्या म्हणाल्या. “ही कुणाच्या अंगावर गेली?”

ह्यांनी कागद बघितलेसुद्धा नाहीत. “सही तुमची आहे, वहिनी. मी काय हात धरला होता तुमचा?” एवढं बोलून टॉवेल उचलला आणि आंघोळीला गेले. आतून शीळ ऐकू येत होती.

जाऊबाई कागद गोळा करत होत्या आणि मी भिंतीकडे बघत होते. आमच्या हॉलमध्ये ह्यांचं एक प्रशस्तिपत्रक फ्रेम करून लावलंय. दर आठवड्याला मी ते ओल्या फडक्याने पुसते, पण वाचलं कधी नव्हतं. त्यावर लिहिलं होतं की वीस वर्षांवरच्या मुदतीची दहा कर्जं आणल्याबद्दल सोन्याच्या बांगड्यांची एक जोडी. खाली तारीख. जाऊबाईंच्या सहीनंतरचा तिसरा दिवस. मला एकदम आठवलं, त्या महिन्यात हे सारखे बोटांवर मोजायचे आणि नऊवर येऊन थांबायचे. दहावं गिऱ्हाईक मिळत नव्हतं, ते घरातच मिळालं. केसाने गळा कापणं म्हणतात ते हेच.

हातच्या काकणाला आरसा कशाला म्हणतात. मला मेलीला अकरा वर्षं लागली. त्याच बांगड्या घालून मी जाऊबाईंच्या नव्या घरी चहाला गेले होते आणि त्यांनी कौतुकाने माझं मनगट हातात घेऊन पाहिलं होतं. मी तिथल्या तिथे त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी मनगटावरच्या पट्ट्यातून एक टाचणी काढली, थोडा वेळ बोटांत धरली आणि परत खोचली.

दुसऱ्या दिवशी मी बांगड्या विकल्या. ह्यांना सांगितलं, पॉलिशला दिल्यात. दोन लाख आले ते जाऊबाईंपुढे ठेवले. त्या घेईनात. मी म्हटलं, ताई, माझ्या कधी नव्हत्याच त्या, तुमच्याच होत्या, मी नुसत्या वागवल्या. मग घेतले. कंपनीच्या कागदात बारीक अक्षरांत लिहिलं होतं की मुद्दल आधी भरलं तर दंड नाही. ही ओळ ह्यांनी अकरा वर्षांत एकदाही वाचून दाखवली नव्हती. दोन लाख मुद्दलात गेले, वर जाऊबाईंनी इस्पितळाचं काम वाढवून महिन्याला साडेतीन हजार जास्तीचे भरायला सुरुवात केली. चौदा वर्षं उरली होती, त्यांची आठ झाली. डॉक्टरने दिलेल्या मुदतीत कशीबशी बसतील एवढी.

पण कर्ज वेगळं आणि राग वेगळा. तो जाऊबाईंचाही उतरला नव्हता आणि माझा तर रोज सकाळी फ्रेम पुसताना नव्याने चढायचा.

चार महिन्यांनी कंपनीने ह्यांचा सत्कार ठरवला. वीस वर्षांची सेवा, सगळ्यांत जास्त कर्जं, जुन्या गिऱ्हाइकांना कुटुंबासकट आमंत्रण, सभागृहात दुपारचं जेवण. ह्यांना नवा कोट हवा होता. बाहेर शिलाई कोण देणार, म्हणून कापड घेऊन वहिनींकडे गेले. मनाची नाही तर जनाची तरी असावी, ह्यांना दोन्हींची नाही. मला वाटलं जाऊबाई कापड तोंडावर फेकतील. त्यांनी ओठांत टाचण्या धरून शांतपणे माप घेतलं.

पंधरा दिवसांनी त्यांनी मला बोलावलं. पूर्वेच्या खिडकीपाशी कोट उलटा करून पसरला होता. फिकट पिवळं अस्तर, आणि त्यावर भरतकामाच्या बारीक ओळी. शंभर पाठीवर, शंभर-शंभर पुढच्या दोन्ही भागांवर. एका हप्त्याची एक ओळ, हजाराला एक टाका, ओळीला सतरा टाके. व्याजाचा टाका काळा, मुद्दलाचा हिरवा. पहिल्या ओळीत पंधरा काळे आणि दोन हिरवे. तशाच ओळी खाली, खाली, खाली. मी बोट फिरवत एकशे बत्तिसाव्या ओळीपर्यंत, म्हणजे अकरा वर्षं संपेपर्यंत आले, तरी काळे बाराच होते. काळे आणि हिरवे सारखे व्हायला सतरा वर्षं लागत होती. तोंडाने सांगितलेला आकडा कानामागे टाकता येतो. हे डोळ्यांत घुसत होतं. पाठीच्या वरच्या बाजूला ठळक अक्षरांत लिहिलं होतं: ‘घेतले वीस लाख. देणे पन्नास लाख पस्तीस हजार. अकरा वर्षांत फिटले चार लाख. एजंटाला बक्षीस, बांगड्या एक जोड.’

पाच हजार शंभर टाके, तेही दुखऱ्या डोळ्यांनी. मी विचारलं, हे घालतील कसे? तेव्हा त्यांनी वरून दुसरं साधं अस्तर कच्च्या टाक्याने लावून दाखवलं. कच्चा टाका म्हणजे एकच लांब दोरा, टोक ओढलं की सगळं सुटतं. लाल गाठीचं ते टोक कॉलरच्या आत दडवलेलं होतं.

“दोरा तुझ्या हातात राहील,” जाऊबाई म्हणाल्या. “नवरा तुझा आहे. नाही ओढलास तरी मी काही म्हणणार नाही.”

खरं सांगते, सभागृहात जाईपर्यंत माझं ठरत नव्हतं. तोवर संसाराची पंचवीस वर्षं झाली होती, तीही एक लांब मुदतच. चारचौघांत नवऱ्याची अब्रू काढली की आपलीही जाते, ही भीती होती. हे दोन शब्द जरी बरे बोलले असते तरी मी कदाचित तो कोट तसाच घरी आणला असता.

हे मंचावर उभे राहिले, शाल-बिल काही नव्हती, एक पाकीट मिळालं. मग माइक हातात घेतला. म्हणाले, मी कर्ज विकत नाही, आधार देतो. उदाहरण म्हणून तिसऱ्या रांगेत बसलेल्या जाऊबाईंकडे बोट केलं. ही माझी विधवा वहिनी, म्हणाले, तिचा हप्ता मी मुद्दाम सैल ठेवला, म्हणून आज तिच्या डोक्यावर छप्पर आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. जाऊबाई समोर बघत बसून राहिल्या, डोळ्यांतलं पाणी रुमालाने टिपत. लोकांना वाटलं, उपकाराने गहिवरल्या.

भाषण करून हे घामाघूम होऊन खाली आले, कोट काढला आणि सवयीने माझ्याकडे दिला. धर जरा, म्हणाले, आणि साहेबांशी हात मिळवायला वळले. मी कॉलरमध्ये बोट घातलं, गाठ सापडली. दोरा एका ओढीत सुटला, वरचं अस्तर माझ्या हातात आलं. ते मी पिशवीत कोंबलं. जेवणाच्या रांगेशेजारी कोट टांगायचा स्टँड होता. त्यावर कोट उलटा करून, पाठ लोकांकडे येईल असा, नीट टांगला.

रांग हळू सरकत होती, वाचायला सगळ्यांना वेळ होता. आधी एक बाई थांबल्या, मग त्यांचे मालक. कुणी ओळी मोजायला लागलं. कुणी म्हणालं, आमचंही पंचवीसचंच आहे. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी ताट ठेवून दिलं आणि सरळ साहेबांना विचारलं की माझ्या कर्जाला काय बक्षीस होतं. मग बरेच जण विचारायला लागले. साहेबांनी कोट वाचला, ह्यांच्याकडे बघितलं आणि सोमवारी ऑफिसात या एवढंच म्हणाले. पुढच्या महिन्यात एकतीस जणांनी तक्ते मागवले आणि ह्यांच्या दारात नवं गिऱ्हाईक येईनासं झालं. पण ते नंतर.

त्या वेळी हे स्टँडपाशी गेले, कोट ओढून काढला आणि तो पोटाशी धरून जाऊबाईंसमोर आले. तोंड पांढरं पडलं होतं. वहिनी, मला जन्मातून उठवलंत, म्हणाले. जाऊबाईंनी ताटातला घास संपवला, पाणी प्यायल्या.

“कोट तुम्हीच शिवायला टाकलात, भावोजी. मी काय हात धरला होता तुमचा?”

मग ह्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि माझ्या मोकळ्या मनगटांकडे. चार महिन्यांत पहिल्यांदा त्यांच्या लक्षात आलं. बांगड्या कुठे आहेत, त्यांनी विचारलं. मी सांगितलं, ताईंच्या मुद्दलात.

जाऊबाईंचं कर्ज फिटायला अजून आठ वर्षं आहेत. माझ्या डोळ्यांचं पारणं त्याच दुपारी फिटलं. घरी आल्यावर मी भिंतीवरची फ्रेम पुसून लख्ख केली आणि होती तिथेच राहू दिली. रोज सोफ्यावर बसून ह्यांना तीच बघावी लागते.