मेलेली बाई उठवली तेव्हा

शाळेत मी दुसरीपर्यंतच गेलतो, पण त्या फ्रान्सच्या नटीची सगळी हकीकत मला तोंडपाठ होती. हैद्राबादेहून आलेल्या फिरत्या सिनेमाच्या तंबूत मी सांग्या होतो. तेव्हाची चित्रं मुकी. पडद्याशेजारी उभं राहून काय चाललंय ते ओरडून सांगायचं, हे माझं काम. पालीला तंबू ठोकला त्या दिवशी मालक म्हणाला, "आज लोगां बीच में उठे तो तू सीधा उमापूर. ढोरां राख." उमापूर माझं गाव, पण मला तिथं ढोरं राखायची नव्हती. मिशीला तेल लावून दिवेलागणीला उभा राहिलो.

"ऐका हो! ही बाई पॅरिसची!"

"परीस हाय का तिच्यापाशी?" मागून एक जण ओरडला. "माझा विळा घासून घ्यायचाय."

"गप बे! शिकलेली नटी हाय. तिकडं नाटक शिकवायची सरकारी शाळा असते. चालायचं कसं, रडायचं कसं, नुसतं खाली पडायचं कसं, हे वर्षानुवर्षं घोटून घेतात. मग तिनं नाटकं गाजवली, अन् आता पडद्यावर आली!"

पुढं बाईनं विष पिलं. हात वर करून, मान वळवून अशी काही पडली की बायांनी हंबरडा फोडला. मी बी डोळे पुसले. डोळे उघडून बघतो तर निम्मा तंबू उभा!

"आजी, बसा की! अजून चित्र हाय."

"मढं बघितलं बाबा. आंगुळ केल्याबिगर कसं बसावं? नदीला चाललो आमी."

"खोटं हाय ते!"

"तूच म्हनलास ना, शिकलेली हाय? शिकलेली मानसं खोटं मरत्यात व्हय?"

लिंगायत वाणी मंडळी तेवढी बसून राहिली, त्यांच्यात सुतक पाळत न्हाईत. पण चार वाण्यांवर तंबू चालतो का? मालक माझ्याकडंच बघत होता. मी उड्या मारत मशीनवाल्याकडं गेलो.

"हँडल उलटं फिरव!"

"चित्राची पट्टी तुटंल बे!"

"तुटू दे! फिरव!"

त्यानं फिरवलं. बाई हात न टेकता ताडकन उठली. विष तोंडातून पेल्यात गेलं. सुटलेले केस आपोआप अंबाड्यात बसले, अन् ती उलट्या पावली दारातून बाहेर गेली. तंबूत अशी आरोळी उठली की बाहेर बांधलेले बैल उधळले. दाराशी पोचलेली आजी पदर सावरत धावत माघारी आली.

"जिती झाली गं बाई!"

"पुन्हा! पुन्हा उठवा!" विळेवाला नाचतच होता.

सात वेळा मारली अन् सात वेळा उठवली. आठव्यांदा आजीनंच दम भरला, "बास कर मेल्या, दमली असंल ती!"

दुसऱ्या दिवशी तंबू गेवराईकडं निघाला. मला ठेवलं का काढलं, हे मी मालकाला विचारलंच न्हाई. गाडीत बाईच्या चित्राच्या पेटीवर जाऊन बसलो. त्यानंही उतर म्हणलं न्हाई.