पात्राचा खोकला

"हे मी नाई मास्तर, पात्र बोलून राह्यलं," असं म्हणून आमचे शेजारी दाराच्या कडीवर बोटानं टकटक करायचे. भांडण झालं तरी हेच उत्तर.

शेगावात आमची भिंत एक होती. महाराष्ट्र राज्य नुकतंच झालं होतं. हे गृहस्थ मुंबईच्या कंपन्यांसाठी पटकथा लिहायचे. पौराणिक, तमाशापट, रहस्यकथा, जे मागतील ते. तुम्ही शेजारी राहिला असता, तर सध्या काय चाललंय हे विचारावं लागलं नसतं. पौराणिक असलं की घरात कांदा बंद. डाकूपट असला की स्वतःच्या बायकोवर डोळे वटारणं सुरू. बाड मुंबईला रवाना झालं की पात्रही घरातून जायचं, आणि हे दाढी करून बाजारात हजर. मला हा माणूस फार आवडायचा. वहिनी कटकट करत सारं चालवून घ्यायच्या.

एका उन्हाळ्यात क्षयरोग्याची कथा आली आणि ते खोकू लागले. इतकं हुबेहूब, की मी भिंतीपलीकडून मनातल्या मनात दाद द्यायचो. मग त्यांच्या गालाची हाडं वर आली. वहिनी भरलं ताट तसंच परत नेऊ लागल्या. माझ्या मनात पाल चुकचुकली.

"एकदा अकोल्याच्या डॉक्टरांना दाखवा," मी म्हणालो.

"पात्राले डाक्टर नाई लागत मास्तर, लेखक लागते. शेवटाले बरा करतो मी त्याले."

"एवढं पिच्चर संपू द्या भाऊजी," वहिनी मला म्हणायच्या. त्यांचा त्या शेवटावर भरवसा होता. मला त्या भरवशाचीच धास्ती वाटायची.

कथेतला रोगी बरा झाला. बाड गेलं. पुढचं काम विनोदी होतं, एका जावयाच्या दोन सासवांचं. वहिनींनी हौसेनं भरली वांगी केली, मला जेवायला बोलावलं. ते सासूच्या आवाजात जावयाला झापू लागले. आम्ही हसत होतो. मध्येच खोकल्याची उबळ आली ती थांबेना. तोंडाशी धरलेला पंचा त्यांनी घाईनं मांडीखाली सारला.

वहिनींचा वाढता हात थांबला.

"त्या रोग्याचं पिच्चर तं संपलं न?" त्यांनी हळू विचारलं. "मंग हे कोन खोकून राह्यलं?"

यजमानांनी भाकरीचा तुकडा मोडला, आणि तो हातात धरून खाली मान घालून बसले. पोळ्याच्या आधीच ते गेले.